राजा, पडदा आणि सूर्यनमस्कार

इंटरनेटवर सूर्यनमस्कारांचा इतिहास शोधायला बसलं की एक जुनी कृष्णधवल फीत हमखास पुढ्यात येते. आवाज नाही, रंग नाहीत, कथा नाही. सूर्यनमस्काराच्या स्थिती तेवढ्या एकामागून एक उलगडत जातात. ही फीत १९२८ सालची म्हणून ओळखली जाते आणि तिच्याबरोबर नाव येतं ते औंधच्या राजाचं. आधुनिक योगाचा इतिहास लिहिणारे परदेशी अभ्यासकही या राजाची दखल घेतल्यावाचून पुढे जात नाहीत. महाराष्ट्रात मात्र 'औंध' म्हटलं की निम्म्या लोकांना पुण्यातलं औंध आठवतं. हे औंध ते नव्हे. हे साताऱ्याच्या खटाव तालुक्यातलं, यमाईच्या डोंगराखालचं.

भवानराव श्रीनिवासराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी (१८६८–१९५१) हे या औंधचे राजे. १९०९ मध्ये ते गादीवर आले आणि १९४८ मध्ये संस्थान विलीन होईपर्यंत राज्यावर होते. त्यांची ओळख करून देताना लिहिणाऱ्याची पंचाईत होते. ते चित्रकार होते, कीर्तनकार होते, लेखक होते, १९३५ च्या इंदूर साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. त्यांनी वस्तुसंग्रहालय उभारलं, लेण्यांवर पुस्तकं लिहिली, व्यायामाचा प्रसार केला आणि त्या व्यायामाची फिल्म काढून घेतली. आज एखादी कलावंत चित्र, प्रयोग, ध्वनी आणि पडदा अशा चार वाटांनी एकाच वेळी चालू लागली, की समीक्षक तिला 'मल्टिमीडिया आर्टिस्ट' म्हणतात. बाळासाहेबांच्या काळी असा शब्द नव्हता. 'राजेसाहेबांचे छंद' एवढ्यावर भागत असे.

छंद म्हणून हे प्रकरण मिटवता येत नाही, कारण या उद्योगांत एक सूत्र होतं. एक विषय घ्यायचा, तो आधी एका माध्यमातून लोकांपुढे ठेवायचा, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या. रामकथा चित्रात आली, पुस्तकात आली, कीर्तनात आली. सूर्यनमस्कार आधी स्वतःच्या शरीरावर, मग शाळेच्या मैदानावर, मग छापील पुस्तकात आणि शेवटी पडद्यावर आले. त्यांची चित्रं एकेकटी पाहिली तर ती फार धाडसी वाटणार नाहीत. रविवर्म्याच्या वळणाचे संस्कार झालेला हात दिसतो, एवढंच. त्यांचा प्रयोग चित्राच्या चौकटीत शोधून सापडत नाही. एका माध्यमातला ऐवज दुसऱ्या माध्यमात नेऊन पाहण्याची जी खटपट त्यांनी आयुष्यभर केली, तिच्यात तो आहे.

या खटपटीचं रंगस्थळ फार मोठं नव्हतं. औंध हे संस्थानांच्या मानाने लहानसं संस्थान, तेही तुकड्यातुकड्यांत विखुरलेलं. औंध गाव आज सातारा जिल्ह्यात, तर कुंडल आणि आटपाडी सांगली जिल्ह्यात. बराचसा मुलूख दुष्काळी. महसूल बेताचा. बडोदा किंवा म्हैसूरसारखी कलेवर उधळायला तिजोरी नव्हतीच.

पिढी मात्र विलक्षण होती. १८६७ साली श्रीपाद दामोदर सातवळेकर जन्मले, १८६८ साली बाळासाहेब, १८६९ साली लक्ष्मणराव किर्लोस्कर, १८७० साली दादासाहेब फाळके. यांतले बाळासाहेब सोडले तर तिघेही तरुणपणी मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकले, आणि तिघांनीही पुढे चित्रकलेची सरळ वाट सोडली. फाळके छायाचित्रण, छपाई आणि जादूचे प्रयोग करत करत सिनेमाकडे वळले. किर्लोस्करांना रंग नीट ओळखू येत नाहीत असं लक्षात आलं, तेव्हा ते यंत्रांकडे गेले. सातवळेकर चित्रं काढता काढता वेदांकडे गेले. यांच्यापैकी दोघांना, सातवळेकर आणि किर्लोस्करांना, पुढे औंधच्या राजानेच जागा दिली. हा योगायोग म्हणून सोडून देण्यासारखा नाही. त्या पिढीला नवी यंत्रं, नवं मुद्रण आणि जुन्या कथा एकदमच हाती आल्या होत्या, आणि यांतलं कशाशी काय जुळतं हे तोवर कुणी ठरवून दिलेलं नव्हतं.

कीर्तनापासून सुरुवात करायला हवी, कारण बाळासाहेबांचं सगळ्यांत जुनं माध्यम तेच. नारदीय कीर्तनाचे दोन भाग असतात. पूर्वरंगात अभंगाचं किंवा श्लोकाचं निरूपण होतं. बुक्का, हार झाला की उत्तररंगात आख्यान लागतं. आख्यान म्हणजे गोष्ट. कीर्तनकार एकटाच उभा असतो, पण तोच निवेदक, तोच गायक, तोच राम आणि तोच रावण. एका उपरण्याचा पदर होतो, धनुष्य होतं, लगाम होतो. भारतीय रंगभूमीवर एकपात्री प्रयोगाची इतकी लवचिक चौकट दुसरी सहसा सापडणार नाही. तिच्यात बाळासाहेबांनी चित्राची भर घातली. स्वतः गायचं, स्वतः सांगायचं आणि स्वतः काढलेल्या चित्रांनी त्याला जोड द्यायची, असा त्यांचा बेत असे.

चित्र दाखवत गोष्ट सांगणं आपल्याकडे अगदीच नवं नव्हतं. सावंतवाडीजवळच्या पिंगुळीचे चित्रकथी पोथीतली चित्रं एकेक करून उलटत रामायण-महाभारत गात आले आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्यात दिव्याची आणि भिंगाची भर पडली. काचेच्या पट्टीवर चित्र रंगवायचं, ती पट्टी दिव्यापुढे उलटी धरायची आणि भिंगातून ते चित्र मोठं करून पांढऱ्या पडद्यावर पाडायचं, ही मॅजिक लँटर्नची करामत. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९२ च्या सुमारास या तंत्राला 'शांबरिक खरोलिका' असं भारदस्त नाव देऊन तिचे खेळ सुरू केले. काचांची सरकवासरकव करून ते चित्रं हलतीसुद्धा करत. म्हणजे सिनेमा मुंबईत पोचायच्या चार वर्षं आधी अंधारात बसून पडद्याकडे पाहायची सवय मराठी माणसाला लागू लागली होती. बाळासाहेबांची पहिली उमेद याच काळातली. ज्या जगात कीर्तनकार, चित्रकथी आणि काचपट्ट्यांचा खेळ करणारा हे तिघे एकाच प्रेक्षकासाठी झटत होते, त्या जगात ते वाढले. फरक इतकाच, की ते राजे असल्यामुळे तिघांचीही कामं एकट्याने करायची त्यांना मुभा होती. आणि राजाच्या कीर्तनातून उठून जाणार तरी कोण?

दक्षिण महाराष्ट्रातल्या संस्थानांना अशा प्रयोगांची सवय होती. औंधपासून फार लांब नसलेल्या सांगलीत १८४३ साली विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' रंगवलं. त्याच्या आदल्या वर्षी कर्नाटकातून भागवत मंडळी आली होती, त्यांचे खेळ पाहून 'असं काही मराठीत करून दाखवा' असं फर्मान चिंतामणराव पटवर्धनांनी सोडलं आणि मराठी नाटकाचा आरंभ म्हणून ज्याकडे बोट दाखवलं जातं तो प्रयोग उभा राहिला. चिंतामणराव १८५१ मध्ये वारले, राजाश्रय आटला, आणि भाव्यांना तिकीट लावून खेळ करायला बाहेर पडावं लागलं. भावे कळसूत्री बाहुल्यांच्याही नादी लागले होते. नट, बाहुली, पद, पडदा, मिळेल ते वापरून पाहायचं हा त्यांचाही स्वभाव. सांगलीच्या राजाने मात्र फर्मान सोडलं आणि समोर बसून खेळ पाहिला. औंधचा राजा स्वतःच पागोटं सावरत उभा राहिला.

१९१६ मध्ये बाळासाहेबांचं 'चित्ररामायण' प्रसिद्ध झालं. रामकथेचे प्रसंग स्वतः रंगवायचे आणि रंगीत छापून पुस्तकरूपाने लोकांच्या घरात पोचवायचे, अशी ही योजना. रविवर्म्याच्या छापखान्याने देवांची चित्रं आधीच घरोघर नेली होती, त्यामुळे कल्पना नवी नव्हती. नवा होता तो एक हट्ट. रविवर्म्याच्या दमयंतीला, सैरंध्रीला पाहा: पौराणिक स्त्रिया, पण अंगावर नऊवारी. पाहणाऱ्याला त्या आपल्या वाटतात त्याचं एक कारण हे नेसणंही आहे. बाळासाहेबांचा रविवर्म्यावर मोठा जीव होता, त्याची मूळ चित्रं त्यांनी संग्रही ठेवली. पण रामाच्या काळची माणसं नेसत काय होती, दागिने कुठले घालत होती, आसनं कशी होती, याचं उत्तर त्यांनी समकालीन बायकांच्या साड्यांत शोधलं नाही. ते लेण्यांकडे गेले.

अजिंठा आणि वेरूळ हे त्यांच्या आयुष्यातले दोन मोठे तळ. वेरूळवरचं त्यांचं इंग्रजी पुस्तक १९२९ मध्ये आणि अजिंठ्यावरचं १९३२ मध्ये मुंबईच्या तारापोरवाला यांनी छापलं. चित्रकारांना बरोबर नेऊन त्यांनी अजिंठ्याच्या चित्रांच्या प्रती करून घेतल्या. राजाने लेणी पाहायला जाणं ही काही बातमी नव्हे, पण एखाद्या मुकुटाची घडण, उत्तरीयाची गाठ, रथाचं चाक टिपायला तिथे बसणं ही वेगळी गोष्ट. आज ऐतिहासिक मालिकांचे वेशभूषाकार जे काम करतात, किंवा करायला हवं, ते हे काम.

याच कामातून त्यांचा संबंध विसाव्या शतकातल्या एका प्रचंड प्रकल्पाशी आला. १९१८ मध्ये पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरापुढे बाळासाहेबांनी महाभारताच्या चिकित्सक, सचित्र आवृत्तीची कल्पना ठेवली आणि तिच्यासाठी एक लाख रुपयांची देणगी जाहीर केली. त्या काळी लाख रुपये ही औंधसारख्या संस्थानाला सहज झेपणारी रक्कम नव्हती. विष्णु सीताराम सुकथनकरांनी १९२५ मध्ये संपादनाची धुरा घेतली, १९२७ मध्ये पहिला भाग बाहेर पडला आणि १९६६ मध्ये एकोणीस खंडांचं काम पुरं झालं. संस्कृतचे पंडित या आवृत्तीला मानतात ते तिच्या पाठचिकित्सेसाठी. तिच्या मुखपृष्ठामागच्या पानावरचं एक वाक्य सहसा कुणी वाचत नाही. आवृत्तीतली चित्रं प्राचीन नमुन्यांवरून श्रीमंत बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी काढली आहेत, असं तिथे इंग्रजीत स्पष्ट छापलेलं आहे. देणगीदारानेच चित्रं काढली, आणि तीही शेकडो हस्तलिखितं ताडून पाहणाऱ्या पंडितांच्या शेजारी बसण्याची हिंमत धरून. पंडित शब्दांचे जुने पाठ शोधत होते. हा माणूस वस्त्रांचे आणि शस्त्रांचे.

आता शरीराकडे येऊ. एकोणिसावं शतक संपत आलं तेव्हा युजेन सँडो या जर्मन मल्लाची कीर्ती जगभर पसरली होती. त्याची पुस्तकं, त्याची छायाचित्रं, त्याची व्यायामाची साधनं भारतातही येत होती. १८९७ च्या सुमारास बाळासाहेबांनी ती मागवली आणि जवळपास दहा वर्षं नेमाने सँडोचा व्यायाम केला. मग मिरजेचे अधिपती गंगाधरराव ऊर्फ बाळासाहेब पटवर्धन यांनी त्यांना सूर्यनमस्कारांकडे परत आणलं. मिरज आज सांगली जिल्ह्यातच आहे. म्हणजे आज जगभर केल्या जाणाऱ्या एका व्यायामाच्या प्रसारात एक महत्त्वाचा धागा मिरज-औंध असा जातो. सूर्यनमस्कार बाळासाहेबांनी शोधून काढले असं मात्र कुणी म्हणू नये. समर्थ रामदासांच्या परंपरेत, तालमीत, ब्राह्मणांच्या घरात ते होतेच. बाळासाहेबांनी केलं ते दुसरंच: त्यांनी त्यांना एक ठरावीक, शिकवता येण्याजोगं, छापता येण्याजोगं रूप दिलं. दहा स्थिती, प्रत्येकीचा श्वास ठरलेला, बरोबर बीजमंत्रांचे उच्चार. संस्थानातल्या शाळांत त्यांनी ते सक्तीचे केले. मुलांना त्या वेळी ही सक्ती कितपत गोड वाटली असेल, हा प्रश्न राहतोच.

१९२८ मध्ये सूर्यनमस्कारांवरचं त्यांचं इंग्रजी पुस्तक आलं. पुढे ते युरोपात गेले तेव्हा लुईझ मॉर्गन या लंडनच्या पत्रकार बाईंना या राजाचं आश्चर्य वाटलं आणि १९३८ मध्ये त्यांच्या संपादनाखाली 'द टेन-पॉइंट वे टू हेल्थ' हे पुस्तक लंडनहून निघालं. पण छापील पुस्तकाची एक अडचण बाळासाहेबांच्या ध्यानात आधीच आली असणार. छायाचित्रात दहा स्थिती दहा चौकटींत दाखवता येतात. एका स्थितीतून दुसरीत जाताना पाय मागे कसा सरकतो, वजन हातांवर कधी येतं, छाती कोणत्या क्षणी जमिनीला टेकते, हे चौकटींच्या मधल्या रिकाम्या जागेत निसटून जातं. नमस्कार तर नेमका त्या मधल्या जागेतच असतो. एडवर्ड मायब्रिजने १८७८ मध्ये पळत्या घोड्याची छायाचित्रं ओळीने घेतली तेव्हा त्याला हालचालीचे तुकडे करून पाहायचे होते. औंधला उलटं हवं होतं: तुकडे पुन्हा जोडायचे होते. त्यासाठी चलच्चित्र हवं होतं, आणि ते केलं गेलं.

गंमत अशी, की ज्या व्यायामात मंत्रोच्चाराला बाळासाहेब इतकं महत्त्व देत, त्याची ही फीत मुकी आहे. 'आलम आरा' १९३१ मध्ये आला. त्याआधी आपल्याकडच्या पडद्याला जीभ नव्हती. म्हणून आज ती पाहणाऱ्याला सूर्यनमस्कार ही एक सुबक, शांत कसरत वाटते. औंधच्या मैदानावर ती शांत नव्हती. मुलांच्या आवाजाने भरलेली होती. २०१५ पासून २१ जूनला आंतरराष्ट्रीय योग दिवस साजरा होऊ लागल्यावर जुन्या योगविषयक दृश्यांना नवं गिऱ्हाईक मिळालं. कुठून तरी उचललेली, कापलेली, कधी भलतंच संगीत चिकटवलेली ही फीत मोबाइलवर फिरते. राजेसाहेबांच्या सगळ्या कलाकृतींत सर्वाधिक पाहिली गेलेली हीच असावी, आणि तिच्यावर चित्रकाराची सही नाही.

१९३८ मध्ये यमाईच्या डोंगराच्या मध्यावर श्रीभवानी वस्तुसंग्रहालय उघडलं. डोंगर चढून देवीला जाणाऱ्या भाविकाला वाटेतच चित्रं लागावीत, अशी ही जागा. मुंबईच्या म्युझियमला माणूस मुद्दाम जातो. औंधचं म्युझियम देवदर्शनाच्या वाटेत येऊन उभं राहतं. आत रविवर्म्याची चित्रं आहेत, धुरंधरांची आहेत, बंगाल शैलीतली आहेत, पहाडी लघुचित्रं आहेत, पाश्चात्त्य शिल्पांच्या प्रतिकृती आहेत. आणि हेन्री मूरचं 'मदर अँड चाइल्ड' हे शिल्पसुद्धा आहे. ज्या राजाच्या स्वतःच्या कुंचल्यातून अंगप्रत्यंग रेखीव असलेले राम-सीता उतरत, त्याने विसाव्या शतकातल्या एका बंडखोर इंग्रज शिल्पकाराची, नाक-डोळे जवळपास पुसलेली आई खटावच्या माळावर आणून ठेवली. संग्राहक म्हणून त्यांची नजर त्यांच्या हातापेक्षा पुढे गेलेली होती, असं माझं मत आहे. चित्रकाराच्या बाबतीत हे उलटंच बहुधा घडतं.

संग्रहालयाच्या आधीही औंधला कलावंत येऊन राहत होते. सातवळेकर १९१८ च्या सुमारास आले, स्वाध्याय मंडळ काढलं आणि वेदांची भाषांतरं, संपादनं छापू लागले. १९४८ नंतर ते गुजरातेत पारडीला गेले. त्यांचे चिरंजीव माधव सातवळेकर पुढे नावाजलेले चित्रकार झाले. गवई अंतूबुवा जोशी औंध दरबारी होते. त्यांनी १९४० मध्ये सुरू केलेला संगीत महोत्सव त्यांचे पुत्र गजाननबुवा आणि त्यानंतरच्या पिढ्यांनी चालू ठेवला. लक्ष्मणराव किर्लोस्कर बेळगावात जागेच्या अडचणीत सापडले, त्या सुमारास औंधच्या देवळाच्या सभामंडपाचं काम त्यांच्याकडे होतं. बाळासाहेबांनी त्यांना कुंडल रोड स्टेशनजवळचा माळ दिला आणि १९१० मध्ये तिथे किर्लोस्करवाडी उभी राहिली. निवडुंग आणि साप यांचा तो माळ. त्याच माळावरून १९२० मध्ये 'किर्लोस्कर' मासिक निघालं, १९३० मध्ये 'स्त्री', १९३४ मध्ये 'मनोहर'. संपादक शंकरराव किर्लोस्कर स्वतः चित्रकार आणि व्यंगचित्रकार. नांगराच्या कारखान्यातून निघालेलं मासिक महाराष्ट्राच्या मध्यमवर्गाचं वाचन बदलतं, हेही माध्यमांच्या सरमिसळीचंच उदाहरण, फक्त ते आपण उद्योगाच्या इतिहासात टाकून मोकळे होतो.

राज्यकारभारालाही बाळासाहेबांनी प्रयोगाबाहेर ठेवलं नाही. १९३८ च्या नोव्हेंबरात, सत्तराव्या वाढदिवसाच्या निमित्ताने, त्यांनी सत्ता प्रजेकडे सोपवण्याची घोषणा केली. मॉरिस फ्रीडमन हा पोलिश इंजिनिअर, राजपुत्र अप्पासाहेब पंत आणि महात्मा गांधी यांच्या विचारविनिमयातून १९३९ च्या जानेवारीत औंधची राज्यघटना आली. ग्रामपंचायत हा तिचा पाया होता. यावर राजकारणाच्या अभ्यासकांनी पुष्कळ लिहिलं आहे. अप्पासाहेबांचं 'ॲन अनयुज्वल राजा' हे १९८९ मधलं पुस्तकही आहे.

त्याच फ्रीडमनच्या आग्रहातून १९३९ मध्ये आटपाडीजवळ 'स्वतंत्रपूर' वसलं. भिंती नसलेला तुरुंग. कैद्यांनी शेती करायची, कुटुंबाला जवळ बोलावून राहायचं, पळून जाण्यापासून अडवायला फक्त त्यांनी दिलेला शब्द. आज ही वसाहत महाराष्ट्राच्या तुरुंग खात्याकडे आहे. या कल्पनेला पडद्यावर नेलं ते आटपाडी तालुक्यातल्याच एका मुलाने. ग. दि. माडगूळकर १९१९ मध्ये शेटफळ्यात जन्मले, औंधच्या शाळेत शिकले. या राजावर त्यांनी पुढे 'औंधाचा राजा' हा लेखही लिहिला. त्यांच्या कथेवर व्ही. शांताराम यांनी १९५७ मध्ये 'दो आँखें बारह हाथ' काढला. सहा खुनी कैदी, एक जेलर आणि एक ओसाड माळ. चित्रपटाला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं आणि १९५८ च्या बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल. 'ऐ मालिक तेरे बंदे हम' ही त्यातली प्रार्थना देशभरच्या शाळांत म्हटली जाऊ लागली. ती म्हणणाऱ्या किती जणांना आटपाडी कुठे आहे हे माहीत असेल?

इथे थोडं आजच्या कलेकडे पाहू. दृश्यकलावंत नलिनी मालानी यांचं शिक्षण जे. जे. मधलंच. १९६९ मध्ये मुंबईत अकबर पदमसी यांनी चित्रकार, छायाचित्रकार, फिल्मकार यांना एकत्र आणणारी जी कार्यशाळा चालवली, तिथे मालानींनी फिल्मवर पहिले हात चालवले. २०१२ च्या डॉक्युमेंटा या जर्मनीतल्या कलाप्रदर्शनात त्यांनी पारदर्शक नळकांड्यांवर आकृती रंगवून ती प्रकाशापुढे फिरवली आणि खोलीभर पुराणातल्या, इतिहासातल्या स्त्रियांच्या सावल्या नाचवल्या. तत्त्व काचपट्टीचंच: चित्र, दिवा, भिंत आणि सांगण्यासारखी जुनी कथा. मुंबईचे अमोल के. पाटील २०२२ च्या डॉक्युमेंटात होते. त्यांचे आजोबा पोवाडे रचत; नातवाच्या व्हिडिओ, हलत्या शिल्पांत आणि प्रयोगांत गिरणगावातल्या कामगारांचं, दलित वस्त्यांचं जगणं येतं. या दोघांत आणि औंधच्या राजात एक मोठा फरक आहे आणि तो झाकण्यात अर्थ नाही. मालानी आणि पाटील प्रेक्षकाला अस्वस्थ करायला निघाले आहेत. बाळासाहेबांना प्रेक्षक सुधारायचा होता. त्यांची कथा कधी उलट प्रश्न विचारत नाही, राम कधी अडचणीत येत नाही. वरच्या पायरीवरून खालच्याला शिकवण्याचा सूर त्यांच्या प्रत्येक माध्यमात आहे. घटना देऊन त्यांनी सत्ता सोडली, तो सूर मात्र सुटला नाही.

तरीही मला वाटतं, मराठी दृश्यकलेच्या इतिहासात त्यांच्यासाठी एक मोठं प्रकरण हवं. आज त्यांच्या कामाची वाटणी झाली आहे. महाभारताची चित्रं भांडारकर संस्थेच्या खंडांत, लेण्यांवरची पुस्तकं जुन्या ग्रंथालयांत, फीत योगवाल्यांकडे, घटना राज्यशास्त्राकडे, संग्रहालय शासनाकडे. कीर्तन तर हवेतच विरून गेलं, त्याची ध्वनिफीत असती तर किती बरं झालं असतं. हे सगळं एका छताखाली, एकाच माणसाचं काम म्हणून मांडणारं प्रदर्शन औंधला किंवा साताऱ्यात भरवता येईल. सामग्री आहे. यमाईच्या यात्रेला येणारी गर्दी आहे. आजचे तरुण दृश्यकलावंत त्या सामग्रीशी झोंबू शकतील, तिला प्रतिप्रश्न करू शकतील. राजाने आपल्या चित्रांना जे करू दिलं नाही ते.

आणि राजा स्वतः? तो पात्र झाला. गदिमांचे धाकटे भाऊ व्यंकटेश माडगूळकर, तेही हातात कुंचला धरणारे, यांच्या 'बनगरवाडी' या १९५५ च्या कादंबरीत एक पोरगेला मास्तर धनगरांच्या वाडीत शाळा चालवायला येतो. वाडीत तालीम बांधायची, असं त्याच्या मनात भरतं. वाडी राबते, तालीम उभी राहते आणि तिचं उद्घाटन करायला औंधचे राजेसाहेब येतात. १९९५ मध्ये अमोल पालेकरांनी या कादंबरीवर चित्रपट केला. सहासात दशकांपूर्वी सूर्यनमस्कार दाखवायला कॅमेरा मागवणाऱ्या राजाचा दरारा आणि माया दाखवायला आता नट लागला.